रॉडरिक, रोद्रिगो आणि आपले रॉड्रिग्ज

जॉर्डनच्या वाळवंटात, अम्मानच्या पूर्वेला, कुसैर अम्रा नावाची एक छोटेखानी वास्तू उभी आहे. आठव्या शतकात उमय्यद घराण्यातल्या एका शौकीन राजपुत्राने शिकारीसाठी आणि हमामखान्यातल्या मौजेसाठी ती बांधून घेतली. आतल्या भिंतीवर सहा राजे उभे असल्याचे चित्र आहे. त्यांतल्या चौघांची नावे ग्रीक आणि अरबी अशा दोन लिप्यांत लिहिलेली असल्यामुळे ओळखता येतात. एक बायझंटाईन कैसर, एक इराणचा खुस्रो, एक इथियोपियाचा नेगस. चौथा रॉडरिक, स्पेनचा राजा. रंग इतके उडाले आहेत की त्याच्या अंगावरच्या वस्त्रापलीकडे फारसे काही दिसत नाही. पण जगातल्या बड्या सत्तांच्या पंक्तीत हे नाव बसले होते, एवढे त्या भिंतीवरून कळते.

आज जर्मनीत याच नावाचे ‘रोडेरिख’ हे रूप घेऊन एखादा मुलगा वर्गात आला तर शिक्षकही दोनदा वर पाहतील. नाव शुद्ध जर्मानिक, वापरात मात्र दुर्मीळ. आणि दुर्मीळ नावांचे जे होते तेच याचेही झाले आहे. नावांच्या पुस्तकात ‘प्रसिद्ध राजा’ एवढी एक ओळ सापडते आणि उरलेली जागा ऐकीव गोष्टींनी भरून निघते.

पहिला घोटाळा अर्थापासूनच सुरू होतो. ‘रिक’ किंवा ‘रिख’ म्हणजे इंग्रजी ‘रिच’, म्हणजे धनवान, असे बरेच जण धरून चालतात. नावाचे दोन तुकडे आहेत: ‘ह्रोथ’ म्हणजे कीर्ती आणि ‘रीक्स’ म्हणजे सत्ताधीश. पैशाचा अर्थ त्या शब्दाला मागाहून चिकटला, कारण ज्याच्या हाती सत्ता त्याच्याच घरी कोठारे. पेशव्यांना ‘श्रीमंत’ म्हणणाऱ्या मराठी माणसाला ही सरमिसळ वेगळी समजावून सांगायला नको. हे ‘रीक्स’ जर्मानिक लोकांनी आपल्या केल्ट शेजाऱ्यांकडून उचलले. ज्युलियस सीझरशी लढलेल्या वर्सिंजेटोरिक्सच्या नावात ते आहे, आणि ॲस्टेरिक्सच्या चित्रकथेत गावातल्या एकूणएक पुरुषांच्या नावामागे ‘इक्स’ लागते ती याच नामपद्धतीची थट्टा आहे. लॅटिन ‘रेक्स’ आणि संस्कृत ‘राजन्’ हे याचे सख्खे भाऊबंद.

‘ह्रोथ’ची कुळकथा त्याहून मजेदार. जर्मानिक भाषांत मूळचा ‘क’ घासून ‘ह’ झाला. लॅटिनमधले ‘कोर्नू’ इंग्रजीत ‘हॉर्न’ झाले ते याच वाटेने. तो ‘ह’ उलटा फिरवला की ‘ह्रोथ’ मोठ्याने स्तुती करण्याच्या एका जुन्या धातूपाशी जाऊन पोहोचतो. स्तोत्रे गाणाऱ्या वैदिक कवीसाठीचा ‘कारु’ हा शब्द आणि आपली ‘कीर्ती’ भाषाशास्त्रज्ञ याच धातूशी जोडतात. कानाला ‘रुद्र’ जवळचा वाटला तरी त्याचा इथे काही संबंध नाही. रोडेरिखला मराठीत आणायचेच झाले तर तो कीर्तिराज, आणि हे नाव तर आपल्याकडे चालूच आहे.

तरीही ‘कीर्तिमान राजा’ असा सलग अर्थ लावून आईबाप नाव ठेवत असतील, ही समजूत जरा बेतानेच घ्यावी. जर्मानिक नावे बहुधा दोन तुकड्यांची असत आणि ते तुकडे घराण्यात फिरत राहत. ‘बेवूल्फ’ या जुन्या इंग्रजी काव्यातल्या ह्रोथगार राजाचे दोन मुलगे पाहा: ह्रेथरिक आणि ह्रोथमुंड. बापाच्या नावाचा पहिला तुकडा थोड्याफार फरकाने दोघांच्याही वाट्याला आला. विदर्भातल्या वाकाटकांची वंशावळ अशीच वाचता येते. प्रवरसेन, रुद्रसेन, दिवाकरसेन, देवसेन: मागचा ‘सेन’ कायम, पुढचे पद बदलते. अशा नावात अर्थापेक्षा गोत ओळखू येण्याला जास्त किंमत असते. ‘ह्रोथ’चे गोत तर अवाढव्य आहे. रॉबर्ट, रॉजर, रुडॉल्फ, रोलंड हे सगळे त्याच घरचे. त्यामुळे रॉडरिक म्हणजे रॉबर्टचेच दुसरे रूप, असेही कोणी सांगतो. तसे नाही. पहिले पद एक, दुसरे वेगळे. ही चुलत भावंडे आहेत.

सर्वांत जास्त दंतकथा जमल्या त्या कुसैर अम्राच्या भिंतीवरच्या त्या राजाभोवती. शाळकरी इतिहासात त्याची ओळख ‘शेवटचा व्हिसिगॉथ राजा’ अशी असते; व्हिसिगॉथ म्हणजे तेव्हा स्पेनवर राज्य करणारे, मूळचे गॉथिक बोलणारे जर्मानिक लोक. इ. स. 710 मध्ये तो टोलेडोच्या गादीवर बसला आणि 711 मध्ये आफ्रिकेतून आलेल्या मुस्लिम सेनापती तारिक इब्न झियादच्या फौजेशी लढताना पडला, एवढे ठीक. पण गादी निर्विवाद त्याची नव्हती. त्याने गोंधळाच्या काळात ती बळकावली, असे 754 मध्ये स्पेनमधल्याच एका ख्रिस्ती लेखकाने लॅटिन बखरीत नोंदवले आहे. लढाईत त्याच्याबरोबर गेलेले सरदारही मनातून त्याच्या विरोधात होते आणि ऐन वेळी पळाले, असेही. गादी वादातली होती हे नाणीही सांगतात. रॉडरिकच्या नावाची नाणी टोलेडोची आणि पश्चिमेकडची. ईशान्येला नार्बोन, जिरोना, सारागोसा या भागात मात्र अखिला नावाच्या दुसऱ्याच राजाची नाणी पडत होती. रॉडरिक गेल्यावरही अखिला आपल्या मुलखात काही काळ राहिला आणि राजांच्या यादीत त्याच्यामागे आर्दो येतो. म्हणजे ‘शेवटचा’ हे बिरुद रॉडरिकला मिळाले ते पराभव त्याच्या नावावर नोंदला गेला म्हणून.

आणि ती फ्लोरिंडाची गोष्ट? स्यूताचा सरदार हुलियान याने आपली मुलगी राजवाड्यात शिकायला ठेवली, राजाने तिच्यावर हात टाकला, बापाने सूड म्हणून आफ्रिकेतून फौज आणवली: ही कथा स्पेनमध्ये शतकानुशतके गायली गेली. 754 च्या बखरीत तिचा मागमूस नाही. सरदार आणि त्याची मुलगी पहिल्यांदा भेटतात ती नवव्या शतकातल्या अरबी इतिहासात, घटनेनंतर दीडेकशे वर्षांनी, आणि तेही इजिप्तमध्ये बसून लिहिलेल्या. मुलीला ‘फ्लोरिंडा’ हे गोंडस नाव मिळायला तर सोळावे शतक उजाडावे लागले. ग्रॅनाडाचा मिगेल दे लूना हा अरबीचा दुभाषा. 1592 मध्ये त्याने रोद्रिगो (रॉडरिकचेच स्पॅनिश रूप) राजाचा ‘खरा इतिहास’ म्हणून एक ग्रंथ काढला आणि तो एका जुन्या अरबी हस्तलिखिताचा अनुवाद असल्याचे सांगितले. असे हस्तलिखित नव्हतेच. सगळा मजकूर लूनाच्या डोक्यातला. पण पुस्तक खपले, भाषांतरे झाली, आणि फ्लोरिंडा इतिहासात शिरली ती शिरलीच. पुढे वॉल्टर स्कॉट आणि रॉबर्ट सदी या इंग्रजी कवींनी 1811 आणि 1814 मध्ये याच राजावर दीर्घकाव्ये लिहिली, तेव्हा नेपोलियनशी झुंजणारा स्पेन इंग्लंडात चर्चेचा विषय होता. कवींना मिळालेले खाद्य बरेचसे असे बनावट पीठ मळून केलेले होते.

राज्य बुडवणाऱ्याचे नाव मग लोकांनी टाकले असेल, असा तर्क सहज मनात येतो. घडले नेमके उलटे. उत्तरेच्या डोंगरी ख्रिस्ती राज्यांत हे नाव जोमात राहिले. नवव्या शतकात कॅस्टिलचा ज्ञात असलेला पहिला काउंट रोद्रिगोच होता. अकराव्या शतकात बुर्गोसजवळच्या विवार गावचा रोद्रिगो दीआस आला. जग त्याला ‘एल सिद’ म्हणून ओळखते आणि ही पदवी अरबी ‘सय्यद’वरून आलेली. मुसलमानांविरुद्ध आयुष्यभर लढलेला ख्रिस्ती वीर, ही त्याची चित्रपटी प्रतिमा. प्रत्यक्षात 1081 नंतरची काही वर्षे त्याने सारागोसाच्या मुस्लिम अमिराची चाकरी केली. सालामांकाच्या कॅथेड्रलच्या दफ्तरात 1098 चे एक चर्मपत्र जपून ठेवले आहे: व्हॅलेन्सियाच्या चर्चला दिलेले दानपत्र. त्यावरची ‘एगो रुदेरिको’, म्हणजे ‘मी रुदेरिको’, अशी सुरू होणारी ओळ त्याच्याच हातची मानली जाते. तोवर गॉथिक भाषा स्पेनमध्ये कधीच विझली होती. सिदला ‘ह्रोथ’ म्हणजे काय हे विचारले असते तर त्याला सांगता आले नसते. नाव होते, भाषा नव्हती.

1492 साल तर या नावाचेच म्हणावे लागेल. ऑगस्टमध्ये रोद्रिगो बोर्जा पोप झाला आणि सहावा अलेक्झांडर म्हणून गादीवर बसला. 12 ऑक्टोबरला पहाटे ‘पिंता’ जहाजावरून रोद्रिगो दे त्रिआना नावाच्या खलाशाने अमेरिकेच्या बाजूची जमीन पहिल्यांदा पाहिली. जमीन दाखवणाऱ्याला वर्षाला दहा हजार माराव्हेदींचे इनाम ठरले होते. ते कोलंबसाने, आदल्या रात्री आपल्यालाच उजेड दिसला होता असे सांगून, स्वतःच्या पदरात पाडून घेतले.

आता ब्रिटिश बेटांकडे. ‘रॉडरिक’ हे स्पेलिंग दिसले की जर्मानिक नाव, हा समज जाणकारांनाही चकवतो. स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात ‘रुअरी’ असे एक गेलिक नाव आहे. त्यात ‘लाल’ आणि ‘राजा’ हे शब्द आहेत, कीर्तीचा पत्ता नाही. वेल्समध्ये ‘रुदर्ख’ हे आणखी तिसरेच. इंग्रजी कारकुनांना आणि पाद्र्यांना ही नावे कागदावर उतरवायची होती; कानाला जवळचे आणि दिसायला भारदस्त म्हणून त्यांनी सरसकट ‘रॉडरिक’ लिहून टाकले. आयर्लंडचा शेवटचा सर्वाधीश राजा रुअरी ओ’कॉनर (मृत्यू 1198) इंग्रजी पुस्तकांत ‘रॉडरिक ओ’कॉनर’ होतो तो असा. त्यामुळे स्पेनचाही ‘शेवटचा’ रॉडरिक आणि आयर्लंडचाही, असा एक विचित्र योग पुस्तकांत दिसतो. रक्ताचे नाते सोडाच, नावाचेही नाते नाही. खडकांच्या थरांवरून पृथ्वीच्या इतिहासातल्या ‘सिल्युरियन’ आणि ‘पर्मियन’ कालखंडांना नावे देणारा भूगर्भतज्ज्ञ सर रॉडरिक मर्चिसन हा स्कॉटलंडच्या त्याच हायलँड भागातला.

उलट, खरे भाऊ दुसऱ्याच वेशात सापडतात. रशियाच्या पहिल्या राजघराण्याचा मूळपुरुष रुरिक, ज्याचे आगमन जुन्या रशियन बखरीत 862 सालाखाली नोंदले आहे, त्याचे नाव म्हणजे नॉर्स ‘ह्रोरेक’: आपल्या रोडेरिखचीच उत्तरेकडची बोली. पोर्तुगीज ‘रुई’ आणि स्पॅनिश ‘रुय’ ही रोद्रिगोची लाडकी, आखूड रूपे. बुद्धिबळातली ‘रुय लोपेझ’ सुरुवात ज्याच्या नावाने ओळखतात त्या रुय लोपेझ दे सेगुरा या पाद्र्याचे पुस्तक 1561 मध्ये निघाले. रुयचा वंशज तो रुईस. पाब्लो पिकासोचे वडिलांकडचे आडनाव रुईसच होते. तेव्हा ‘दुर्मीळ’ हे विशेषण जर्मनीपुरते ठेवावे. पोर्तुगालमध्ये अलीकडच्या काही दशकांत रोद्रिगो हे मुलांच्या आवडत्या नावांपैकी एक आहे.

आणि रोद्रिगोचा वंशज तो रोद्रिगिश, म्हणजे आपल्याकडचा रॉड्रिग्ज. नोव्हेंबर 1510 मध्ये अफोन्सो दि अल्बुकेर्कने गोवा दुसऱ्यांदा जिंकला आणि शहराचा कप्तान म्हणून रोद्रिगो रेबेलोला मागे ठेवले. पुढच्याच वर्षी आदिलशाही फौजेशी झालेल्या लढाईत तो मारला गेला. अफोन्सो हेही गॉथिक मुळाचेच नाव. लिस्बनहून आलेल्या जहाजांतून मसाल्याचे व्यापारी आणि पाद्री उतरले, तशी ही गॉथिक नावेही मांडवीच्या काठी उतरली. 1534 ते 1739 या काळात पोर्तुगीज अमलाखाली असलेल्या वसईतही तेच घडले. रॉड्रिग्ज, फर्नांडिस, गोन्साल्विस (वसईकडे घोन्सालवीस) ही तिन्ही आडनावे गॉथिक व्यक्तिनावांवरून आलेली आहेत.

इथे एक समज अजून मुळासकट गेलेला नाही: आडनाव रॉड्रिग्ज, म्हणजे पूर्वज पोर्तुगीज. गोव्यातल्या आणि वसईतल्या बहुसंख्य कुटुंबांच्या बाबतीत ते खरे नाही. बाप्तिस्म्याच्या वेळी नवख्रिस्ती माणसाला धर्मपित्याचे किंवा बाप्तिस्मा देणाऱ्या पाद्र्याचे आडनाव मिळे. एकाच गावात रक्ताचे काही नाते नसलेली चार घरे एका आडनावाची होत आणि सख्ख्या भावांची आडनावे वेगळी पडत. आपण मूळचे प्रभू, कामत, नायक किंवा शेणवी होतो हे गोव्यातली काही घराणी आजही सांगतात. वसईच्या पट्ट्यातली रॉड्रिग्ज मंडळी तर घरात सामवेदीसारखी मराठीची बोली बोलतात.

लिहिण्याच्या तऱ्हाही अनेक. गोव्याचे वेशभूषाकार वेंडेल रॉड्रिक्स (1960–2020) आडनावाच्या शेवटी ‘क्स’ लावत. मुंबईकर क्रिकेटपटू जेमिमा रॉड्रिग्जच्या नावात ‘ग्ज’. 2025 च्या विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात नवी मुंबईत तिने ऑस्ट्रेलियाविरुद्ध नाबाद 127 धावा काढल्या, त्या रात्री हे आडनाव देशभर घरोघरी झाले.

या मंडळींपैकी कोणी उद्या हौसेने मुलाचे नाव रॉडरिक ठेवले, तर त्याचे पूर्ण नाव होईल कीर्तिराज कीर्तिराजपुत्र. बारशाला आलेल्या फर्नांडिस काकांनी हसू नये. त्यांच्या आडनावातला दुसरा तुकडा गॉथिकमध्ये ‘धाडस’ सांगतो, आणि पहिला तुकडा ‘प्रवासा’चा की ‘शांतते’चा यावर विद्वानांचे अजून एकमत नाही.