हनोईच्या पदपथावरील न्याहारी

परदेश प्रवासाचा बेत ठरला की मराठी घरात पहिला प्रश्न निघतो तो "तिथे खाणार काय?" हा. गेल्या ऑक्टोबरात आम्ही उभयता व्हिएतनामला निघालो तेव्हा बडोद्यातील शेजारणींनी, नणंदेने आणि खुद्द विहीणबाईंनीही मला हेच विचारले. यजमानांना सर्व काही चालते. त्यांची चिंता नव्हती. मला अंडे चालते, पण मासे-मटण चालत नाही. तेव्हा खाकरे, मेतकूट आणि लिंबाचे लोणचे अशी पुरचुंडी बांधूनच मी विमानात बसले. ती पुरचुंडी अर्धीअधिक तशीच परत आली, त्याची ही हकिगत.

हनोई हे व्हिएतनामच्या राजधानीचे शहर. इ. स. १०१० मध्ये ली घराण्याच्या राजाने आपली राजधानी येथे आणली. 'हनोई' हे नाव मात्र १८३१ मधले. शहराच्या मध्यभागी एक सुंदर तळे आहे आणि त्याच्या उत्तरेस 'छत्तीस गल्ल्यांची' जुनी वस्ती. पुण्यात जशी तांबट आळी आणि बुरूड आळी, तशीच येथे एकेका मालाची एकेक गल्ली. 'हांग' म्हणजे माल. चांदीची ती हांग बाक, साखरेची हांग दुओंग, चटयांची हांग चिएउ. पूर्वजांच्या नावाने जाळावयाच्या कागदी वस्तू मिळतात ती हांग मा. आता बऱ्याच गल्ल्यांतील मूळ धंदे पालटले आहेत, नावे तेवढी राहिली आहेत.

या वस्तीतून पायी हिंडवून रस्त्यावरचे पदार्थ खाऊ घालणाऱ्या सहली निघतात. आम्ही उतरलो होतो तेथील व्यवस्थापकाने अशाच एका सकाळच्या सहलीत आमची नावे घातली. आम्ही सहाजण होतो. आमची मार्गदर्शिका महाविद्यालयात शिकणारी, विशीतली, चुणचुणीत मुलगी होती. तळ्याकाठी भेटताच तिने प्रत्येकाला वय विचारले. मला हे जरा चमत्कारिक वाटले. पण कारण ऐकले तेव्हा मौज वाटली. त्यांच्या भाषेत 'तू' किंवा 'तुम्ही' असे नुसते म्हणताच येत नाही. समोरचा माणूस आपल्याला थोरली बहीण लागतो, आत्या लागते की आजी, हे ठरवल्याखेरीज वाक्य पुरे होत नाही. थोरली बहीण ती 'ची', आत्या ती 'को', आजी ती 'बा'. रस्त्यावरच्या परक्या बाईलाही नाते लावूनच हाक मारायची. भाजीवालीला मावशी आणि रिक्षावाल्याला काका म्हणत वाढलेल्या मला त्या क्षणी परदेश थोडा कमी परका वाटला.

पहिला धडा मिळाला तो रस्ता ओलांडण्याचा. दुचाकींचा लोंढा अखंड वाहत असतो. "धावू नका, थबकू नका, मागे तर मुळीच फिरू नका. एका संथ चालीने चालत राहा, गाड्या तुम्हाला वळसा घालून जातील," असे तिने बजावले. मी यजमानांचा दंड घट्ट धरून, मनात रामरक्षा म्हणत पलीकडे पोहोचले.

दुसरा धडा शाकाहाराचा. तेथे शाकाहाराला 'चाय' म्हणतात. आम्हा गुजरातेत राहणाऱ्यांना हा शब्द ऐकून हसू आवरेना. हनोईत 'चाय' मागितली तर चहा नव्हे, बिनमांसाचे जेवण मिळते! चांद्रमासाच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी तेथील पुष्कळ बौद्ध कुटुंबे शाकाहार पाळतात, त्यामुळे हा शब्द कोणालाही समजतो. मात्र 'मांस नको' एवढे सांगून भागत नाही. मासे मिठात मुरवून काढलेला 'नुअक माम' नावाचा रस तेथे आपल्या मिठासारखा जिकडेतिकडे वापरतात. तो आणि चरबी, दोन्ही नकोत, हे स्पष्ट सांगावे लागते. आमच्या मार्गदर्शिकेने प्रत्येक ठिकाणी माझ्यावतीने ही चौकशी केली. वाटाड्या बरोबर असण्याचा खरा उपयोग मला येथे कळला.

पहिला मुक्काम 'फो'च्या दुकानी. दुकान म्हणजे एक मोठे पातेले, वीतभर उंचीची प्लॅस्टिकची स्टुले आणि पदपथ. हाडे तासन् तास उकळून केलेले पातळ सार, त्यात दालचिनी आणि चक्रीफुलाचा वास, आत तांदळाच्या रुंद शेवया, वर मांसाचे काप आणि हिरवी पात. यजमानांनी कोंबडीचा फो घेतला आणि वाडगा रिकामा होईपर्यंत ते एक शब्द बोलले नाहीत. किंमत सुमारे पन्नास हजार डोंग. एवढी शून्ये पाहून छाती दडपते, पण आपल्या हिशेबाने ते जेमतेम पावणेदोनशे रुपये होतात.

ते खात असता ती मुलगी फोची जन्मकथा सांगत होती. हा पदार्थ फार प्राचीन नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी तो उत्तर व्हिएतनामात रूढ झाला. त्यापूर्वी तेथे बैल असे तो नांगरासाठी, खाण्यासाठी सहसा नव्हे. फ्रेंच राज्यकर्त्यांना त्याचे मांस लागू लागले आणि मागे हाडे उरू लागली. त्या उरल्यासुरल्यातून हे सार निघाले, असे सर्वसाधारणपणे मानतात. पुढे १९४४-४५ च्या दुष्काळात उत्तर व्हिएतनामात लाखो माणसे भुकेने मेली. अमेरिकेशी युद्ध चालू असता मांस मिळेनासे झाले, तेव्हा सरकारी खाणावळींतून नुसते सार आणि शेवया मिळत. त्या फोला हनोईकरांनी नाव दिले 'वैमानिकाविना फो', कारण डोक्यावरून अमेरिकेची वैमानिक नसलेली टेहळणी विमाने घिरट्या घालीत असत! पोटात भूक आणि डोक्यावर विमान असतानाही ज्यांना विनोद सुचला, त्या माणसांना मी मनोमन नमस्कार केला. युद्ध १९७५ मध्ये संपले तरी शिधापत्रिकांचे दिवस चालूच राहिले. १९८६ मध्ये आर्थिक धोरण बदलल्यानंतर ते हळूहळू सरले. रेशनच्या रांगा आमच्या पिढीनेही पाहिल्या आहेत, त्यामुळे ही कथा समजायला मला दुभाष्या लागला नाही.

माझी न्याहारी पुढच्या वळणावर होती. डोक्यावर शंकूच्या आकाराची टोपी घातलेली, पन्नाशीची एक बाई पदपथावर कावड उतरवून बसली होती. होय, आपल्याकडची असते तशीच कावड: खांद्यावर बांबू आणि दोन टोकांना दोन टोपल्या. एका टोपलीत हळद घातलेला वाफेचा चिकट भात, दुसरीत मुगाच्या डाळीचा घट्ट गोळा. केळीच्या पानावर भात घेऊन तिने सुरीने त्या गोळ्याचे पातळ पापुद्रे वर पाडले आणि तळलेला कांदा भुरभुरला. चरबीचा चमचा तेवढा आमच्या मुलीने थांबवला. याला 'सोई सेओ' म्हणतात. पहिला घास घेतला आणि आईच्या हातच्या मुगाच्या खिचडीची आठवण झाली.

दुसरा घास घ्यायच्या आत गल्लीच्या तोंडाशी कोणीतरी ओरडले. पदपथ मोकळे करणाऱ्या पथकाची गाडी येत होती. क्षणात त्या बाईने टोपल्या झाकल्या, कावड खांद्यावर टाकली आणि ती बोळात दिसेनाशी झाली. मागे राहिलो आम्ही, बसलो होतो ती दोन स्टुले आणि माझ्या हातातले पान. पैसे द्यायचे राहूनच गेले होते. माझ्या जिवाची घालमेल झाली. यजमानांनी काही न बोलता दोन्ही स्टुले उचलून काखोटीला मारली. निवृत्त बँक अधिकारी परदेशात प्लॅस्टिकची स्टुले घेऊन चालला आहे, हे दृश्य मी जन्मभर विसरणार नाही.

आमची मुलगी मात्र शांत होती. "ती दोन बोळ सोडून थांबेल. रोजचेच आहे," ती म्हणाली. चालता चालता तिने दोन्ही बाजू सांगितल्या. पदपथ विक्रेत्यांनी आणि दुचाकींनी भरले की म्हाताऱ्याकोताऱ्यांना भर रस्त्यातून चालावे लागते. शिस्त हवी, हे तिला मान्य होते. म्हणून २००८ मध्ये हनोईतील कित्येक रस्त्यांवर फेरीवाल्यांना बंदी झाली, २०१७ मध्ये पुन्हा मोठी मोहीम निघाली. पण कावडी घेऊन येणाऱ्या बऱ्याच बायका आसपासच्या खेड्यांतून येतात आणि त्या कमाईवर गावाकडे मुलांची शिक्षणे होतात. "आमचा फो २०२४ मध्ये सरकारने राष्ट्रीय वारसा म्हणून जाहीर केला, आम्हाला आनंद झाला," ती म्हणाली. "पण वारसा नुसता वाडग्यात नसतो, तो कोणाच्या तरी हातात असतो." या वाक्यानंतर आम्ही सहाहीजण थोडा वेळ गप्पच चाललो.

ती बाई खरोखरच तिसऱ्या बोळात बसली होती. यजमानांच्या काखेतील स्टुले पाहून ती इतकी हसली की शेजारचा चहावालाही हसू लागला. मी पैसे पुढे केले तेव्हा तिने माझ्या हातातल्या गार झालेल्या पानाकडे पाहिले, ते काढून घेतले आणि दुसरा गरम भात वाढला. जास्तीचे पैसे काही केल्या घेतले नाहीत. मार्गदर्शिकेला विचारून मी तिला तिच्या भाषेत 'ची', म्हणजे ताई, म्हणाले. तिने लगेच माझी चूक सुधारली: वयाने मी थोरली, तेव्हा ताई मी, ती नव्हे!

पुढे एका सायकलवालीकडे 'कोम' मिळाले. कोवळे हिरवे तांदूळ भाजून, कांडून केलेले हे शरदातले पोहेच. कमळाच्या पानात बांधून देतात. दुपारी यजमानांनी निखाऱ्यावर भाजलेल्या मांसाचे 'बुन चा' खाल्ले. हाच पदार्थ २०१६ मध्ये अमेरिकेचे तेव्हाचे अध्यक्ष ओबामा यांनी हनोईच्या एका साध्या खाणावळीत बसून खाल्ला होता; ते टेबल तेथे काचेत जपून ठेवले आहे.

शेवट झाला अंड्याच्या कॉफीने. १९४६ मध्ये दुधाचा तुटवडा असता मेट्रोपोल हॉटेलात काम करणाऱ्या न्गुयेन वान जांग यांनी दुधाऐवजी अंड्याचा बलक साखरेबरोबर फेसून कॉफीवर घातला. त्यांच्या कुटुंबाचे दुकान अजून चालू आहे. चमच्याने खावा असा तो दाट, गोड फेस आणि खाली कडू कॉफी. जिभेला तो श्रीमंती थाट वाटतो, पण त्याचे मूळ दूध न मिळण्यात आहे. त्या सकाळी जे जे रुचले, त्यातल्या कितीतरी गोष्टी अशाच टंचाईतून निघालेल्या होत्या.

बडोद्याला परतल्यावर शेजारणींनी विचारले, "काय खाल्लेस ग तिथे?" मी सोई सेओ करून त्यांना वाढला. चिकट तांदूळ मिळाला नाही, आंबेमोहोरावर भागवले; पण मुगाचे पापुद्रे छान पडले.

आणखी एक गोष्ट केली. आमच्या सोसायटीच्या कोपऱ्यावर भाजी घेऊन बसणाऱ्या मासींकडून मी अकरा वर्षे भाजी घेते आहे. महानगरपालिकेची गाडी आली की त्या टोपली घेऊन कोठे जातात, हे मी कधी विचारले नव्हते. परवा विचारले. "तुमच्याच फाटकाआड उभी राहते, बेन," त्या म्हणाल्या. आता फाटकाची आतली कडी आम्ही सकाळी लावीत नाही.