विश्लेषण : एकट्याने खेळताना गेम चालतो, मित्राच्या टीममध्ये जाताच बंद का पडतो? फोन रिसेट करण्याआधी हे वाचा

गोंदिया : सायंकाळी सात-आठनंतर चौघांची टीम जुळते, ती आता चौकात नव्हे तर गेमच्या लॉबीत. एक जण आमगावचा, दुसरा तिरोड्याचा, तिसरा शिकायला नागपूरला आणि चौथा नोकरीसाठी पुण्यात. मित्राचे इन्व्हाइट येते, 'जॉइन'वर बोट पडते आणि गेम थेट बंद होऊन फोनची होम स्क्रीन समोर येते. एकट्याने खेळताना तोच गेम तासभर व्यवस्थित चालतो. मग मित्रासोबत जातानाच हे का घडते? अनेकदा कारण साधे असते, पण घाईत केलेल्या उपायामुळे वर्षानुवर्षांचे खाते आणि त्यात घातलेले पैसे दोन्ही जातात.

गेम 'क्रॅश' झाला म्हणजे नेमके काय झाले?

'गेम बंद पडला' या एकाच वाक्यात तीन वेगळे बिघाड दडलेले असतात. पहिला, खरा क्रॅश. गेम कोणतीही सूचना न देता बंद होतो आणि होम स्क्रीन दिसते. दोष फोनमध्ये, गेमच्या फायलींमध्ये किंवा खुद्द गेममध्ये असतो. दुसरा, गेम अडकणे. चित्र थांबते, आवाज चालू राहतो किंवा 'लोडिंग' संपत नाही. येथे प्रोसेसरवरचा ताण किंवा अपुरी डाउनलोड झालेली फाइल कारणीभूत असू शकते. तिसरा, जोडणी तुटणे. गेम चालूच असतो, पण 'रिकनेक्टिंग' असे लिहून येते किंवा खेळाडू लॉबीत परत फेकला जातो. हा नेटवर्कचा किंवा सर्व्हरचा प्रश्न.

हा फरक आधी ओळखला तर निम्मे काम होते. खरा क्रॅश होत असताना सिम बदलून उपयोग नाही आणि जोडणी तुटत असताना गेम पुन्हा डाउनलोड करून डेटा संपवण्यात अर्थ नाही.

टीममध्ये शिरतानाच असे का होते?

कारण त्या काही सेकंदांत फोनवर एकदम कामाचा डोंगर येतो. एकट्याने खेळताना एकच पात्र लोड झालेले असते. मित्राच्या टीममध्ये जाताच आणखी तीन पात्रे, त्यांचे पोशाख, बंदुकांच्या स्किन, गाड्यांचे रंग मेमरीत आणावे लागतात. त्याच वेळी मायक्रोफोन सुरू होतो, व्हॉइस चॅटची वेगळी जोडणी उघडते आणि मित्राने निवडलेला नकाशा तपासला जातो.

फोनची रॅम कमी असेल तर येथेच गणित बिघडते. मेमरी कमी पडू लागली की अँड्रॉइड आधी मागे चालू असलेली अ‍ॅप बंद करते. तरीही भागले नाही तर शेवटी समोरचा गेमच बंद करते. बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया म्हणजे बीजीएमआय २ जुलै २०२१ रोजी अँड्रॉइडवर आला तेव्हा किमान २ जीबी रॅमची अट होती. पण 'किमान' म्हणजे गेम सुरू होईल इतकेच. चौघांच्या टीममध्ये, व्हॉइस चॅट चालू ठेवून, मागे व्हिडीओ अ‍ॅप आणि स्क्रीन रेकॉर्डर उघडे असताना तो टिकेल याची हमी त्यात नाही.

अनेक फोनमध्ये 'रॅम वाढवा' अशी सोय दिसते. ती खरी रॅम नव्हे. स्टोरेजचा काही भाग रॅमसारखा वापरला जातो, तो बराच संथ असतो. मागची अ‍ॅप सांभाळायला त्याची मदत होते, पण गेमच्या ऐन गर्दीच्या क्षणी त्यावर भिस्त ठेवता येत नाही.

चौघांची आवृत्ती एकच हवी, ती का?

मित्राकडे कालचे अपडेट आणि तुमच्याकडे मागच्या महिन्याचे असेल, तर चांगला गेम 'आधी अपडेट करा' असे सांगून थांबतो. पण अपडेट दोन टप्प्यांत येते, ही मेख आहे. प्ले स्टोअरवरून मूळ अ‍ॅप बदलते आणि नकाशे, पोशाख, आवाज यांचे पॅक गेमच्या आत वेगळे डाउनलोड होतात. पहिला टप्पा पूर्ण आणि दुसरा अर्धवट, अशी अवस्था सर्रास असते. एकट्याने जुना नकाशा खेळताना काही जाणवत नाही. मित्राने नवा नकाशा निवडला की गेम नसलेली फाइल शोधू लागतो आणि कोलमडतो.

म्हणून टीमच्या चौघांनी प्ले स्टोअरमध्ये अपडेट तपासावे, मग गेममधील डाउनलोड विभागात जाऊन तोच नकाशा पूर्ण उतरला आहे का हे पाहावे. स्टोरेज गच्च भरलेले असेल तर डाउनलोड मध्येच तुटते. त्यामुळे काही जीबी जागा कायम मोकळी ठेवलेली बरी.

गोंदियातील नेटवर्कचा दोष किती?

लांब अंतर हे कारण अनेकदा पुढे केले जाते, पण ते फारसे खरे नाही. फायबरमधून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. गोंदिया ते मुंबई हे अंतर हजार किलोमीटरच्या आसपास धरले, तर जाऊन-येऊन लागणारा वेळ सुमारे १० मिलिसेकंद. मुंबई ते सिंगापूर हे सुमारे ३,९०० किलोमीटरचे अंतर धरले, तरी त्यात जवळपास ४० मिलिसेकंदांची भर पडते. प्रत्यक्षात दिसणारा 'पिंग' याच्या कित्येक पट वाढतो तो फोन आणि टॉवर यांच्यातील शेवटच्या टप्प्यात. सायंकाळी एकाच टॉवरवर गर्दी होते, नवेगाव-नागझिराच्या जंगलपट्ट्यात सिग्नल क्षीण होतो आणि फोन सारखा ४जी-५जीमध्ये उड्या मारतो.

सीमाभागात आणखी एक अडचण येऊ शकते. सालेकसा आणि देवरी तालुक्यांची हद्द छत्तीसगडला, तर आमगावची मध्य प्रदेशला लागते. टेलिकॉम कंपन्यांच्या लेखी महाराष्ट्र हे वेगळे सर्कल आणि मध्य प्रदेश-छत्तीसगड हे वेगळे. सीमेजवळच्या गावात फोन कधी अलीकडचा, कधी पलीकडचा टॉवर पकडतो. तसे होताना जोडणी क्षणभर तुटली की गेमचा सर्व्हर खेळाडू निघून गेला असे समजू शकतो. गोंदिया-बालाघाट रेल्वेत बसून टीम जुळवणाऱ्यांनाही हाच अनुभव येण्याची शक्यता असते. पण लक्षात ठेवा, यातून 'रिकनेक्टिंग' यायला हवे. नेट तुटल्यावर गेमच बंद पडत असेल तर दोष दुसरीकडे आहे.

खात्री करण्याची सोपी पद्धत : दुसऱ्या कंपनीचे सिम असलेल्या फोनचा हॉटस्पॉट घ्या आणि पुन्हा जॉइन करा. तरीही क्रॅश झाला तर नेटवर्क निर्दोष.

उन्हाळ्यात त्रास वाढतो, तो भास की खरे?

खरे आहे. अ‍ॅपलने आयफोन वापरण्यासाठी सभोवतालचे तापमान ० ते ३५ अंश सेल्सिअस असावे असे सांगितले आहे. विदर्भात मे महिन्यात पारा ४४-४५ अंशांवर जाणे नवे नाही. फोन तापला की प्रोसेसर स्वतःचा वेग कमी करतो, स्क्रीन मंद होते आणि ताण असह्य झाला की गेम बंद पडतो. चार्जिंगला लावून खेळणे, जाड कव्हर आणि पत्र्याच्या छताखालची खोली यांनी त्यात भर पडते. कव्हर काढा, चार्जर बाजूला ठेवा, पंख्याखाली बसा. फोन फ्रीजमध्ये मात्र ठेवू नका. आत बाष्प साचून कायमचा बिघाड होऊ शकतो.

दुरुस्ती कोणत्या क्रमाने करावी?

नियम एकच : एका वेळी एकच बदल, मग पुन्हा जॉइन करून पाहणे. पाच गोष्टी एकदम केल्या तर नेमक्या कशाने सुधारले ते कळत नाही.

१. फोन रिस्टार्ट करा. मागे चालणारी अ‍ॅप आणि साचलेला गाळ निघून जातो.

२. उलटे करून पाहा. मित्राने बोलावण्याऐवजी तुम्ही त्याला बोलवा. एकाच मित्राच्या टीममध्ये जाताना क्रॅश होत असेल तर आधी त्याची आवृत्ती आणि नकाशा तपासा.

३. गेम आणि आतील पॅक अपडेट करा.

४. व्हॉइस चॅट बंद ठेवून जॉइन करा. असे केल्यावर गेम टिकला, तर मायक्रोफोनची परवानगी आणि ब्लूटूथ इअरफोन तपासा.

५. ग्राफिक्स 'स्मूथ'वर आणि फ्रेम रेट खाली आणा.

६. स्क्रीन रेकॉर्डर, तरंगती बटणे, व्हीपीएन आणि ग्राफिक्स बदलणारी 'जीएफएक्स टूल' बंद करा. अशा टूलमुळे क्रॅश तर होतोच, खात्यावर बंदीही येऊ शकते.

७. गेमची कॅश साफ करा. बीजीएमआयसारख्या गेममध्ये लॉगिनच्या पडद्यावर 'रिपेअर'चा पर्याय असतो, तो बिघडलेल्या फायली दुरुस्त करतो.

८. शेवटचा उपाय म्हणून गेम काढून पुन्हा टाका. त्याआधी पुढचा मुद्दा वाचा.

'क्लिअर कॅश' आणि 'क्लिअर डेटा' यात फरक काय?

सर्वांत मोठे नुकसान येथेच होते. 'क्लिअर कॅश'मुळे तात्पुरत्या फायली जातात, खाते सुरक्षित राहते. 'क्लिअर डेटा' किंवा 'क्लिअर स्टोरेज'मुळे गेमने फोनवर ठेवलेले सगळे जाते. तुमचे खाते गुगल, फेसबुक वा अन्य लॉगिनशी जोडलेले असेल तर ते सर्व्हरवर असते आणि पुन्हा मिळते. पण काही गेममध्ये 'गेस्ट' म्हणून खेळता येते. अशा खात्याची ओळख त्या फोनपुरतीच असते. डेटा साफ झाला की लेव्हल, स्किन आणि त्यासाठी मोजलेले पैसे यांच्यासह खाते हातचे जाण्याचा धोका असतो.

मोबाइलच्या दुकानात 'भाऊ, गेम बंद पडून राह्यला' असे सांगितल्यावर थेट फॅक्टरी रिसेट सुचवले गेले, तर आधी थांबा. गेम खाते जोडलेले आहे का, फोटो आणि व्हॉट्सअ‍ॅपचा बॅकअप आहे का, हे पाहिल्याशिवाय होकार देऊ नका. वर दिलेल्या पहिल्या सात पायऱ्यांना एक रुपयाही लागत नाही. आयफोनवर 'ऑफलोड अ‍ॅप' हा पर्याय आहे. त्यात अ‍ॅप निघते, पण त्याचा डेटा राहतो.

माइनक्राफ्टमध्ये मित्राच्या जगात जाता येत नाही, ते का?

बीजीएमआयसारख्या गेममध्ये सगळे कंपनीच्या सर्व्हरवर भेटतात. माइनक्राफ्टमध्ये मात्र मित्राचे जग त्याच्याच फोनवर किंवा संगणकावर चालू असू शकते, बाकीचे पाहुणे. यजमानाचा फोन तापला, मेमरी संपली किंवा तो बाहेर पडला की सगळेच बाहेर.

दुसरी अडचण पत्त्यांची. जुन्या आयपीव्ही४ पद्धतीत जगभरासाठी सुमारे ४२९ कोटीच पत्ते आहेत. त्यामुळे मोबाइल कंपन्या असंख्य ग्राहकांना एकाच सार्वजनिक पत्त्यामागे ठेवतात. वसतिगृहाला घर क्रमांक एकच आणि खोल्या शंभर, तसे. आतून बाहेर पत्र जाते, पण बाहेरून आलेल्याला नेमकी खोली सापडत नाही. म्हणून दोघेही मोबाइल डेटावर असताना जोडणी अडते. एकाच वायफायवर बसल्यावर मात्र ती जुळू शकते. संगणकावर खेळणाऱ्यांनी विंडोज फायरवॉलची परवानगी, ग्राफिक्स ड्रायव्हर आणि दोघांचे 'मॉड' सारखे आहेत का, हे पाहावे. स्टीमवर गेमच्या फायली तपासून दुरुस्त करण्याची सोय आहे.

'सरकारने गेम बंद केला' म्हणून असे होते का?

हा संशय निराधार नाही, कारण इतिहास तसा आहे. २ सप्टेंबर २०२० रोजी पबजी मोबाइलसह ११८ अ‍ॅपवर बंदी आली. फ्री फायर फेब्रुवारी २०२२ मध्ये गेला. बीजीएमआय जुलै २०२२ मध्ये हटवला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला. त्याची बंदी पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या गेमवर आहे, ई-स्पोर्ट्सवर नाही. बंदी आली तर गेम स्टोअरमधून हटतो. जॉइन करताना क्रॅश होणे हे त्याचे लक्षण नव्हे.

मात्र बंदीच्या काळात लागलेली एक सवय धोक्याची आहे, ती म्हणजे टेलिग्राम किंवा व्हॉट्सअ‍ॅपवरून आलेली एपीके टाकणे. पबजीची जागतिक आवृत्ती टाकलेला मित्र बीजीएमआयच्या टीममध्ये सापडणारच नाही, कारण दोन्हींची व्यवस्था वेगळी आहे. शिवाय बदललेल्या एपीकेमध्ये एसएमएस वाचणारा कोड असू शकतो, म्हणजे बँकेचा ओटीपी परस्पर दुसऱ्याच्या हाती. 'क्रॅश दुरुस्त करून देतो' म्हणत स्क्रीन शेअर करायला लावणारा, पासवर्ड किंवा ओटीपी मागणारा कोणीही कंपनीचा माणूस नसतो. पैसे गेलेच तर लगेच १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर तक्रार करा. जितका उशीर, तितकी रक्कम गोठवण्याची शक्यता कमी. घरातील फोनवर मुले खेळत असतील आणि त्यातच यूपीआय चालू असेल, तर हे पालकांनीही वाचलेले बरे.

सगळे करूनही गेम बंद पडत असेल तर?

मग दोष तुमच्याकडे नसण्याची शक्यता मोठी आहे. मार्च २०२१ मध्ये अँड्रॉइडच्या 'वेबव्ह्यू' या घटकाच्या सदोष अपडेटमुळे जगभर जीमेलसह अनेक अ‍ॅप बंद पडू लागली होती. फोन रिसेट करून उपयोग नव्हता. गुगलने नवे अपडेट दिल्यावर प्रश्न सुटला. २०२४ मध्ये इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीच्या काही डेस्कटॉप प्रोसेसरवर गेम कोलमडत होते आणि पडद्यावर ग्राफिक्स मेमरी कमी असल्याचा संदेश येत होता. मूळ दोष प्रोसेसरमध्ये निघाला. कंपनीने दुरुस्ती दिली आणि वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली.

त्यामुळे नवे अपडेट आल्याच्या दिवशीच क्रॅश सुरू झाला आणि चौघांपैकी दोघा-तिघांना तोच त्रास होत असेल, तर एक-दोन दिवस थांबा. गेमच्या सेटिंगमधील ग्राहक सेवेत तक्रार करा. त्यात फोनचे मॉडेल, अँड्रॉइडची आवृत्ती, गेमची आवृत्ती, नेमकी वेळ आणि कोणत्या बटणानंतर गेम बंद पडला हे लिहा. 'गेम चालत नाही' एवढ्याच तक्रारीतून हाती काही लागत नाही. 'इन्व्हाइट स्वीकारल्यावर, नवा नकाशा लोड होताना, व्हॉइस चॅट सुरू असताना' असे लिहिले की दोष शोधणाऱ्याला नेमकी दिशा मिळते.