तिखट सोसत नाही, म्हणजे नेमके काय?

चैत्र-वैशाखात बेळगावच्या कोणत्याही गल्लीतून जावे, कुठे ना कुठे अंगणात वा गच्चीवर मिरची वाळत पडलेली दिसते. देठ खुडणे, ऊन दाखविणे, मसाला भाजणे आणि शेवटी कांडप गिरणीच्या दारात डबे घेऊन रांगेत उभे राहणे, हा आपल्याकडचा उन्हाळ्यातील ठरलेला विधी. रंगाला ब्याडगी, चवीला संकेश्वरी आणि झणक्याला लवंगी, असे वर्षाच्या चटणीचे प्रमाण प्रत्येक घरचे निराळे. याच दिवसांत दवाखान्यात एक वाक्य हमखास कानी पडते : "डॉक्टर, मला मिरचीची ॲलर्जी आहे." हे वाक्य मी कित्येक वर्षे ऐकत आलो आणि मान डोलावून पुढचे औषध लिहीत आलो. ती सवय एका मुलाने मोडली.

मुलगा त्या वेळी तेरा वर्षांचा होता. भाकरीबरोबर चटणी खाल्ली की ओठ सुजतात, अंगावर गांधी उठतात, असे आई सांगत होती. "तिखट सोसतच नाही त्याला," हे घरातील सर्वांचे एकमत. मी गांधींवरची गोळी दिली आणि केसपेपरवर 'तिखट वर्ज्य' असे लिहून मोकळा झालो. चटणी कसली, हे विचारण्याचे मला सुचले नाही. पुढे संक्रांतीच्या सुमारास मित्राने दिलेली शेंगदाण्याची चिक्की त्याने खाल्ली. पंधरा-वीस मिनिटांत उलटी, आवाज घोगरा, छातीत घरघर. रिक्षातून आणले तेव्हा त्याची नाडी हाताला जेमतेम लागत होती. मांडीत ॲड्रिनलिन दिले, पाय वर करून आडवे निजविले, प्राणवायू व सलाइन लावले. तो वाचला. चिक्कीत मिरची नसते, हे त्या रात्री त्याच्या खाटेशी बसल्यावर माझ्या ध्यानी आले. घरची ती चटणीही शेंगदाण्याचीच होती. पाचसहा आठवड्यांनी त्वचेवर केलेल्या चाचणीने शेंगदाण्यावर शिक्कामोर्तब केले.

मिरचीचा दाह आणि ॲलर्जी, म्हणजे कोशातील अधिहर्षता, या दोन अगदी निराळ्या गोष्टी आहेत. मिरचीतील कॅप्सेसिन हे द्रव्य मज्जातंतूंच्या टोकांवरील टीआरपीव्ही-१ या ग्राहीला चिकटते. हीच ग्राही सुमारे ४३ अंश सेल्सिअसच्या वरची उष्णता ओळखते. म्हणून जीभ भाजलेली नसतानाही मेंदूला ती भाजल्याचीच वर्दी जाते. डेव्हिड ज्युलियस यांनी १९९७ मध्ये ही ग्राही शोधली आणि २०२१ मध्ये आर्डेम पटापुटियन यांच्यासमवेत त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. नाक वाहणे, डोळ्यांत पाणी, टाळूला घाम, ठसका हे सारे या खोट्या वर्दीचे परिणाम. त्यात रोगप्रतिकारशक्तीचा संबंध नाही. मात्रा वाढली की त्रास वाढतो, आणि रोज खाणाऱ्याची ग्राही बोथट होत जाते. सासरी आलेल्या सुनेला वर्षभरात तिखट 'जमते', ते यामुळेच. (तिखटपणा बियांत असतो हा मात्र स्वयंपाकघरातील गैरसमज. तो असतो बिया धरून ठेवणाऱ्या पांढऱ्या गाभ्यात.)

खरी ॲलर्जी प्रथिनांशी असते, आणि तिला कणभरही पुरतो. मिरचीची अशी ॲलर्जी असते; पण ती विरळा. परागकणांची किंवा रबराच्या हातमोज्यांची ॲलर्जी असणाऱ्यांत ती कधी कधी आढळते. अशा वेळी मी एक साधा प्रश्न विचारतो : ढोबळी मिरची खाल्ल्यावर काय होते? तिच्यात कॅप्सेसिन जवळजवळ नसतेच. तीही बाधत असेल, तर संशयाला जागा आहे. लवंगी तेवढी बाधत असेल, तर तो बहुधा दाहच. आणि गांधी, ओठांची सूज, उलटी वा धाप असे काही असेल, तर त्या पदार्थात मिरचीच्या जोडीला काय काय होते याची यादी करावी : शेंगदाणे, तीळ, काजू, सुके खोबरे, सुकट. मिरची तोंडात लगेच जाणवते, म्हणून आळ तिच्यावर येतो.

कांडप गिरणीचा खकाणा हे प्रकरण वेगळे. तो निरोगी माणसालाही खोकवितो. दम्याच्या रुग्णाला मात्र तो रात्रभर बसवून ठेवू शकतो. मसाल्याच्या कारखान्यांतील कामगारांत मसाल्याच्या धुळीमुळे खरा व्यावसायिक दमाही जडल्याचे आढळले आहे. रक्तदाबासाठी एनालाप्रिल वा रामिप्रिल घेणाऱ्या काही जणांत खोकल्याची प्रतिक्षिप्त क्रिया तीव्र होते. फोडणीच्या वासानेही ठसका लागतो असे आजोबा म्हणू लागले, तर त्यांची औषधे एकदा पाहावीत.

दाहावर पाणी पिऊन उपयोग नाही, कारण कॅप्सेसिन पाण्यात विरघळत नाही. दूध किंवा दही घ्यावे. ठेचा करून हात भगभगत असतील तर आधी तेल चोळावे, मग साबणाने धुवावे, आणि तोवर डोळ्यांना हात लावू नये. डोळ्यांत गेलेच तर वाहत्या पाण्याने पुष्कळ वेळ धुवावे.

तीव्र ॲलर्जीत मात्र यांपैकी काहीही चालत नाही. तेथे ॲड्रिनलिन हेच औषध : किलोमागे ०.०१ मिलिग्रॅम, मुलांत जास्तीत जास्त ०.३ व प्रौढांत ०.५, मांडीच्या मध्यावर बाहेरच्या बाजूस, स्नायूत. गोळी, स्टेरॉइड हे नंतरचे. आपल्यापैकी अनेक जण अजूनही ॲव्हिल आणि डेक्सा आधी देतात. त्यात जी मिनिटे जातात, ती परत मिळत नाहीत. रुग्णाला बरे वाटले तरी काही तास निगराणीखाली ठेवावे, कारण झटका पुन्हा येऊ शकतो.

तो मुलगा आता महाविद्यालयात आहे. खिशातल्या चिठ्ठीवर 'शेंगदाणा' असे मोठ्या अक्षरांत लिहिलेले असते. गेल्या वर्षी त्याची आई मला आमंत्रण देऊन गेली. ताटात फक्त लसूण-मीठ घालून केलेला संकेश्वरी मिरचीचा ठेचा होता. त्याने तो दोनदा मागून घेतला. मला मात्र पहिल्याच घासाला दही मागावे लागले.