व्यसन त्याचं, पांघरूण आपलं

आपल्या मावळातली किती तरी मुलं रोज लोकलने पिंपरीला, पुण्याला कामाला जातात. कितीजणींच्या लेकी तिकडे नांदतात. म्हणून आज शहरातल्या गर्दच्या व्यसनाबद्दल बोलू.

गर्द म्हणजे ब्राऊन शुगर, अफूपासून होणाऱ्या हेरॉइनचा भेसळीचा प्रकार. चंदेरी कागदावर भुकटी ठेवून खालून काडी लावतात आणि धूर ओढतात. आधी मजा वाटते. थोड्याच दिवसांत शरीर मागू लागतं. मग माणूस मजेसाठी नाही, त्रास टाळायला ओढतो. धूर मिळाला नाही, की काही तासांत नाक-डोळे वाहतात, हातपाय ठणकतात, जुलाब होतात, झोप उडते. याला ही मुलं ‘टर्की’ म्हणतात. दोन-तीन दिवस त्रास फार असतो, मग साधारण आठवड्यात ओसरतो.

म्हणून त्याचा सगळा दिवस पुढच्या पुडीच्या पैशांत जातो. आधी पगार, मग उसनवारी, मग घरातली भांडी, मंगळसूत्र. आणि घरची बाई? ती कारखान्यात फोन करते, “ताप आलाय.” बचत गटाचं कर्ज काढून त्याची उधारी फेडते. सासरी-माहेरी कळू देत नाही. करते मायेनेच, पण त्या पांघरुणाखाली व्यसन वाढतं.

पुण्यात १९८६ साली डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी, पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे यांच्या मदतीने, येरवड्याला ‘मुक्तांगण’ सुरू केलं. तिथे व्यसनाला आजार मानतात. ३५ दिवस ठेवून उपचार करतात, घरच्यांशीही बोलतात.

मग आपण काय करायचं? त्याची उधारी फेडायची नाही. त्याच्यासाठी खोटं बोलायचं नाही. देवाच्या शपथेवर विसंबायचं नाही, कोंडून ठेवायचं नाही, डॉक्टरकडे न्यायचं. जेवण द्यायचं, रोख पैसे नाही. तो मारहाण करत असेल, तर आधी स्वतःला आणि मुलांना सांभाळायचं.

एक नीट लक्षात ठेवा. सुटलेलं व्यसन परत लागू शकतं. मध्ये खंड पडल्यावर पूर्वीएवढीच गर्द घेतली तर जीव जाऊ शकतो. हाक मारून उठत नाही, श्वास मंदावलाय, ओठ निळे पडलेत, असं दिसलं तर कुशीवर वळवा आणि लगेच १०८ ला फोन करा.

व्यसनमुक्तीच्या सल्ल्यासाठी १४४४६ हा सरकारी नंबर आहे, पैसे लागत नाहीत. पुढच्या बैठकीत तो गटाच्या वहीत लिहून घ्या. एखादी गप्प गप्प असेल, तर तिच्याशेजारी जाऊन बसा.