स्पर्शवरची पेन्शन आणि ‘तोच हा देवदत्त’

फौजेच्या पेन्शनचा हिशेब पूर्वी बँक करायची. आता तो प्रयागराजच्या लेखा कार्यालयातून, ‘स्पर्श’वर होतो. इंझोरीत बसून लॉगिन केलं की महिन्याची स्लिप दिसते : मूळ पेन्शन, महागाई भत्ता, कपात. तेवढं आपण बघतोच. पण थांबायचं ते प्रोफाइलपाशी. तिथं पत्नीचं नाव आणि जन्मतारीख बघा.

पीपीओवर ‘शांता’, आधारवर ‘शांताबाई’, म्हणजे यंत्राच्या लेखी दोन बाया! शास्त्रातलं जुनं उदाहरण आहे, ‘तोच हा देवदत्त’. आपण माणूस ओळखतो. यंत्र अक्षरं जुळवतं.

तारखेचं मोल तर रोकडं. कुटुंब निवृत्तिवेतनात ८० व्या वर्षी २० टक्के वाढ मिळते, ८५ ला ३०, शंभरीला दुप्पट. जन्मतारीखच नोंदलेली नसेल तर ही वाढ लागणार कशी? म्हणून दुरुस्ती नवऱ्याच्या हयातीतच करून घ्यावी. मागाहून कागद धुंडाळणं तिच्या एकटीवर येतं, आणि ते आपण गावोगाव पाहतो.

हयातीचा दाखला दरवर्षी द्यायचाच. तो ‘जीवन प्रमाण’वर, सीएससी केंद्रातूनही देता येतो. आणि फोनवरच्या कुठल्याही ‘साहेबां’ना ओटीपी सांगायचा नाही.