आवाजाचं बटण आधी

सकाळी सव्वानऊ

साताऱ्यात राजवाड्याजवळच्या बोळात आमचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान आहे. वडिलांनी सुरू केलं, आता मी चालवते. शटर वर केलं की पहिलं काम ठरलेलं: रात्री दुकान बंद झाल्यावर लोक शेजारच्या चहावाल्याकडे रिमोट ठेवून जातात, ते गोळा करायचे. आज पाच आहेत. तीन कॅरीबॅगेत, एक वर्तमानपत्रात गुंडाळलेला, एकाला मधोमध रबर लावलेलं. रबर दिसलं की समजायचं, मागचं झाकण हरवलंय.

आधी सेल. मल्टिमीटर लावते. नवा सेल दीड व्होल्टच्या थोडा वर दाखवतो, 1.2 वर आला की मी तो बाजूला काढते. बरेच जण एक सेल नवा घालतात आणि दुसरा जुनाच ठेवतात. मग जुना नव्यालाही ओढतो, आणि महिन्याभरात पुन्हा तेच. सेल ठीक असले तर मोबाइलचा कॅमेरा उघडायचा, शक्यतो सेल्फीचा, आणि रिमोटचं तोंड त्याच्याकडे करून बटण दाबायचं. रिमोटमधून निघणारा अवरक्त प्रकाश बहुतेक 940 नॅनोमीटरचा असतो. तो डोळ्यांना दिसत नाही, पण कॅमेऱ्यात जांभळट ठिपका होऊन लुकलुकतो. ही परीक्षा कुणालाही घरी करता येते आणि प्रत्येकानं ती करावी असं मला मनापासून वाटतं, कारण रिमोट मेला की टीव्ही मेला हे तिथल्या तिथे कळतं.

पाचातले दोन नुसते सेलचे निघाले. त्यांचे सेलचेच पैसे घ्यायचे. वडिलांची ही शिस्त मी मोडलेली नाही.

दहा

मंगळवार तळ्याजवळच्या आजी चालत आल्या. पिशवीतून दोन रिमोट काढून काउंटरवर ठेवले. एक टीव्हीचा मूळचा, आकडे पुसून गेलेला. दुसरा कोरा करकरीत युनिव्हर्सल, म्हणजे कोड टाकून वेगवेगळ्या टीव्हींना चालणारा, अजून प्लॅस्टिकचा वास येणारा.

"पोरानं पिंपरीवरनं पाठवलाय गं. शेजारच्या पोराला घिऊन दोघं दोन तास बसलो. टीव्ही बंद हुतोय, पर आवाज काय हलंना."

"आणि जुना?"

"त्याला अंगठा दुखस्तोवर दाबावं लागतंय. तवा कुठं एकदा लागतोय. आवाज कमी करायला उठून टीव्हीजवळ जायचं, तर गुडघं धरत्यात बाई."

जुना मी त्यांच्यासमोरच उघडला. रिमोट उघडायला स्क्रू शोधत बसायचं नाही, बहुतेकांना नसतोच. कडेच्या फटीत प्लॅस्टिकची पट्टी घालून ती हळूहळू फिरवली की दोन्ही भाग सुटतात. आत रबराचा पट्टा असतो, त्यावर प्रत्येक बटणाच्या पोटाला काळी कार्बनची टिकली. बोट दाबलं की ही टिकली खालच्या सर्किटच्या पट्टीवरच्या, कंगव्याचे दात एकमेकांत अडकवावेत तशा दोन रेघांना जोडते. आजींच्या रिमोटात बाकीच्या टिकल्या काळ्याभोर होत्या. चालू-बंदची आणि आवाजाच्या दोन्ही टिकल्या मात्र घासून राखाडी झालेल्या. बटणं किती वर्षं, कुठल्या क्रमानं दाबली गेली ते त्या रबरावर लिहिलेलंच होतं. पट्टी मात्र शाबूत होती.

"आजी, हा टाकू नका हं. मी दुपारी घरी येते. टीव्ही समोर असल्याशिवाय हे काम होत नाही."

"पैसं किती हुतील?"

"आधी होऊ दे."

साडेअकरा

एक जण तणतणत आला. टीव्हीत बिघाड झाला म्हणून दुसरीकडे दुरुस्त करून घेतला, तेव्हापासून घरचा रिमोट चालत नाही, म्हणजे त्या माणसानं रिमोट बिघडवला, असं त्याचं म्हणणं. त्याला बसवलं, पाणी दिलं. मूळ बोर्ड मिळत नसला की बाजारात मिळणारा युनिव्हर्सल बोर्ड टाकतात. तो चांगला चालतो, पण टीव्हीचं बाहेरचं नाव जुनंच राहतं आणि आत ऐकणारा मात्र नवा असतो. त्या बोर्डासोबत त्याचा स्वतःचा रिमोट येतो आणि यापुढे तोच लागतो. टीव्हीवरचं नाव बघून कोड शोधला तर वर्षभर सापडायचा नाही. दुरुस्ती करणाऱ्यानं एवढं एक वाक्य सांगितलं असतं तर या माणसाची सकाळ वाया गेली नसती. आमच्या धंद्यात सांगायचा कंटाळा फार, आणि त्याचा त्रास गिऱ्हाइकाला होतो. बोर्ड बदलला की मी पावतीवर तसं लिहून देते.

एक

डबा. ज्वारीची भाकरी, मेथी, ठेचा. दुकानात मदतीला आयटीआय शिकणारा मुलगा येतो, तो जेवताना काहीतरी विचारतोच. आज म्हणाला, "ताई, सुरुवातीच्या रिमोटांना सेल कुठले होते?"

त्याला सांगितलं, 1956 साली अमेरिकेत झेनिथ कंपनीसाठी रॉबर्ट ॲडलर यांनी केलेल्या रिमोटला सेलच नव्हते. आत ॲल्युमिनियमच्या चार छोट्या दांड्या. बटण दाबलं की बारीक हातोडी दांडीवर आपटायची, माणसाच्या कानाला न ऐकू येणारा सूर निघायचा आणि टीव्ही तो सूर ओळखायचा. त्याच्या आदल्या वर्षी त्याच कंपनीत यूजीन पॉली यांनी प्रकाशाचा झोत टाकणारा रिमोट केला होता, पण टीव्हीवर ऊन पडलं तरी त्याचा गोंधळ व्हायचा. सेल नको हा आग्रह विक्रीवाल्यांचा होता. सेल संपला तर लोक टीव्हीच बिघडला असं समजतील, ही त्यांना भीती.

सकाळच्या पाच रिमोटांपैकी दोन आठवले. ती भीती खरीच होती.

अडीच

आजींचं घर. बाहेरच्या खोलीत बत्तीस इंची टीव्ही लाकडी टेबलावर, त्याच्या अगदी पुढ्यात डिशचा सेटटॉप बॉक्स, बॉक्सवर विणलेला रुमाल. मी आधी काहीच केलं नाही. आजींना म्हटलं, तुम्ही रोज लावता तसा लावा. त्या खुर्चीत बसल्या, रिमोट मांडीवर आडवा ठेवला आणि अंगठ्याऐवजी मधल्या बोटानं वरून दाबायला लागल्या. रिमोटचं तोंड गुडघ्याकडे. शिवाय टीव्हीचा सेन्सर खालच्या चौकटीत उजवीकडे होता आणि बॉक्सनं तो निम्मा झाकलेला. बॉक्स चार बोटं डावीकडे सरकवला, रुमाल आजींना विचारून काढला. निम्मं काम इथंच झालं.

मग युनिव्हर्सल. बसवायची रीत अशी: टीव्ही चालू ठेवायचा, सेटचं बटण दिवा स्थिर पेटेपर्यंत दाबून धरायचं, सोबतच्या कागदावर त्या कंपनीपुढे दिलेला कोड टाकायचा. कोड जमला नाही किंवा कंपनीचं नावच यादीत नसलं तर शोध चालू करायचा. रिमोट एकेक कोड आपणहून सोडत जातो आणि टीव्हीनं दाद दिली की त्याच क्षणी थांबवायचं. शोध घेताना बहुतेक लोक चालू-बंदचं बटण धरतात. मी आवाजाचं धरते. टीव्ही बंद झाला तर पुन्हा उठायला त्याला अर्धं मिनिट लागतं, तोवर रिमोट कुठल्या कुठे पुढे गेलेला असतो. आवाजाची पट्टी पडद्यावर उमटली की डोळ्याला लगेच दिसते, आणि चुकून पुढे गेलं तर दोन पावलं मागे येता येतं. शिवाय ज्या कोडवर टीव्ही बंद होतो तो कोड बरोबरच असतो असं नाही. आजी आणि शेजारचा मुलगा इथंच फसले होते.

"पण ताई, एक बटण चाललं तर दुसरं का नाही?" सोबत आलेला मदतनीस मुलगा.

बऱ्याच साध्या रिमोटांत चालणारी पद्धत त्याला बोटांवर मोजून दाखवली. सुरुवातीला 9 मिलिसेकंदांचा लांब झोत, टीव्हीला जागं करायला. मग साडेचार मिलिसेकंद शांतता. मग 32 छोटी स्पंदनं. त्यातली पहिली आठ म्हणजे पत्ता, कुठल्या यंत्रासाठी ते. पुढची आठ तोच पत्ता उलटा करून, वाटेत चूक झाली तर कळावी म्हणून. मग आठ हुकमाची, आणि आठ तो हुकूम उलटा. हे सगळं सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आत. दोन टीव्हींचा पत्ता आणि चालू-बंदचा हुकूम एकच असू शकतो, पण आवाजाचे हुकूम वेगळे. म्हणून कोड टाकल्यावर चालू-बंद, आवाज वर-खाली, मूक, सोर्स, मेनू आणि मागे, एवढी बटणं दाबून बघितल्याशिवाय काम झालं म्हणायचं नाही.

कागदावरचे सगळे कोड टाकून झाले. एका कोडवर टीव्ही बंद व्हायचा, दुसऱ्यावर आवाज वाढायचा पण मूकच्या जागी मेनू उघडायचा. शोधही पूर्ण फिरवला. दोन्ही नीट करणारा कोड त्या रिमोटात नव्हताच.

तेव्हा सकाळचा जुना रिमोट कामी आला. डिशच्या रिमोटवर टीव्हीसाठी थोडी वेगळी बटणं असतात, आणि आजींच्या डिशच्या रिमोटची ती बटणं शिकणारी होती. दुसऱ्या रिमोटचा संकेत समोर धरला की ती तो उचलतात आणि लक्षात ठेवतात. म्हणजे युनिव्हर्सल रिमोट आजींच्या हातात आधीपासूनच होता. खिडकीचा पडदा ओढला, ट्यूब बंद केली. दोन्ही रिमोट टेबलावर तोंडाला तोंड लावून ठेवले, मध्ये दोन बोटांचं अंतर. तोंडं एका पातळीत यावीत म्हणून बारक्या रिमोटखाली पंचांग ठेवलं. डिशचा रिमोट शिकायच्या स्थितीत आणला, त्याचं टीव्हीचं चालू-बंद दाबलं, दिवा स्थिर झाला. आता जुन्याकडून खणखणीत संकेत हवा होता आणि त्याच्या टिकल्या तर झिजलेल्या. मी रबराचा पट्टाच काढून ठेवला आणि चिमट्याचं टोक उघड्या पट्टीवर, चालू-बंदच्या त्या गुंतलेल्या दातांवर आडवं टेकवलं. दिवा दोनदा लुकलुकला. घेतलं. मग आवाज वर. मग आवाज खाली. खालीला पहिल्यांदा हात हलला, दिवा भराभर लुकलुकून विझला. पुन्हा टेकवलं, श्वास रोखून. घेतलं.

आजी एवढा वेळ स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. "शिकला व्हय त्यो?"

"शिकला. आता तुम्ही बघा."

खरं काम इथून पुढचं. डिशच्या रिमोटवर चाळीसेक बटणं, आजींना लागतात सहा. टीव्हीच्या रिमोटवरचं सोर्सचं बटण चुकून दाबलं गेलं की पडद्यावर सिग्नल नाही असं येतं आणि त्यांचा दिवस जातो. म्हणून टीव्हीचा मूळ रिमोट मिटवून, सेल काढून, कपाटात ठेवायला दिला. टाकायचा नाही, पुढच्या रिमोटला शिकवायला तोच लागेल. चालू-बंदवर लाल नेलपॉलिशचा ठिपका, आवाज वरच्यावर दोन ठिपके. वाळलेला ठिपका बोटाला लागतो, त्यामुळे चष्मा नसला तरी चालतं. बॉक्स बंद करायचाच नाही, नुसता टीव्ही. दोन्ही एका बटणावर बांधले की कधीतरी एक चालू आणि एक बंद असा तिढा पडतो, आणि एकट्या माणसाला तो सोडवता येत नाही.

रिमोट पूर्वीसारखा मांडीवर आडवाच धरू दिला, फक्त तोंड टीव्हीकडे. त्या धरण्यात बदल करायला मी सांगत नाही. सत्तर-पंचाहत्तर वर्षांच्या हाताला जसं जमतं तसं यंत्र बसवायचं. दहा वेळा बंद-चालू करून घेतलं. नवव्यांदा त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही, सरळ टीव्हीकडे बघून दाबलं. तेव्हा मी चहाला हो म्हटलं.

साडेचार

दुकानात एक शिक्षक वाट बघत होते. स्मार्ट टीव्हीचा माइकवाला रिमोट हरवला. त्यांनी स्वस्तातला युनिव्हर्सल घेतलाय, बाकी चालतं पण बोललेलं ऐकत नाही. तो ऐकणारच नाही. बोलणं ब्लूटूथवरून जातं, प्रकाशातून नाही, आणि ब्लूटूथचा रिमोट समोर धरून शिकवता येत नाही. त्याच जातीचा नवा रिमोट घ्यायचा आणि टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन जोडायचा. तोवर त्यांच्या मोबाइलमध्ये टीव्हीचं रिमोट ॲप टाकून दिलं, टीव्ही आणि मोबाइल एकाच वायफायवर घेऊन.

सहा ते आठ

गर्दी. सेल, झाकणं, एक पाण्यात पडलेला, एक कुत्र्यानं चावलेला. सेल गळून हिरवट झालेल्या स्प्रिंगा बारीक पॉलिश पेपरनं घासून तीन रिमोट उठवले. पाण्यातला उघडून आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसून पंख्याखाली ठेवलाय, तो उद्या.

साडेआठ

शटर अर्धं खाली. वही काढते. वडिलांच्या वेळी या वहीत पिक्चर ट्यूबचे नंबर असायचे, आता टीव्ही, बोर्ड, रिमोट आणि कोड असतात. आजचं शेवटचं पान लिहीत होते तेवढ्यात फोन वाजला. आजी. काही बिघडलं म्हणून पोटात धस्स झालं.

"काय न्हाय गं. शेजारीण आलीया, तिला दाखिवत हुते. आवाज ऐक." आणि फोनमधून मालिकेचं शीर्षकगीत मोठं झालं, मग बारीक झालं, मग पुन्हा मोठं.

वहीत लिहिलं: मंगळवार तळं, आजी. 32 इंची. युनिव्हर्सल जमला नाही, मुलाला परत पाठवायला सांगितला. डिशच्या रिमोटला तीन बटणं शिकवली, मूळ रिमोट कपाटात, वरचा खण. बॉक्स सेन्सरपासून लांब ठेवणे. मधल्या बोटानं दाबतात.