हुंकार देणारं माणूस

एरवी समोरच्याला कळली नसती अशी स्वतःबद्दलची गोष्ट आपण होऊन त्याला सांगणं, याला मानसशास्त्रात आत्मप्रकटीकरण म्हणतात. रोजच्या बोलण्यातलं ‘मन मोकळं करणं’ याच्या जवळ जातं, पण पुरतं नाही. मन मोकळं केल्यावर सांगणाऱ्याला हलकं वाटतं, एवढंच त्या शब्दांत येतं. ऐकणाऱ्याचं काय होतं आणि दोघांच्या नात्याचं काय होतं, हे त्यात येत नाही. अभ्यासकांना कुतूहल आहे ते याच भागाचं.

सांगितलेली गोष्ट गुपितच असावी लागते असं नाही. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ सिडनी जुरार्ड यांनी १९५८ मध्ये एका सहकाऱ्यासोबत ६० कलमांची प्रश्नावली प्रसिद्ध केली. मतं, आवडीनिवडी, काम, पैसा, स्वभाव आणि शरीर अशा सहा विषयांवर माणूस आईला, वडिलांना, मित्राला, मैत्रिणीला आणि जोडीदाराला किती सांगतो, हे तिच्यातून मोजलं जाई. पहिल्या तीन विषयांवर लोक सहज बोलत. पैसा, स्वभाव आणि शरीर आलं की हात आखडता घेत. पाहणी अमेरिकेतली होती, पण पगाराचा आकडा विचारल्यावर विषय बदलणारा माणूस सोलापुरातही रोज भेटतो.

सोलापूरलगतच्या कुंभारीत विडी कामगार महिलांसाठी दहा हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत उभी राहिली. शहराच्या पूर्व भागातल्या जुन्या गल्ल्या सोडून बायका तिथं राहायला गेल्या, तेव्हा घर नवं आणि शेजारही नवा. अशा दोन शेजारणींचं बोलणं कुठून सुरू होतं? पाणी किती वाजता येतं, इथून. मग आज किती विड्या नापास झाल्या. मग पोराची शाळा, सासूचं दुखणं. नवऱ्याचं पिणं किंवा मुलीचं मोडलेलं लग्न यायला महिने जातात, कधी वर्षं. आयर्विन ऑल्टमन आणि डालमास टेलर यांनी १९७३ मध्ये मांडलेल्या सिद्धांतात हीच चाल आहे. माणूस कांद्यासारखा पापुद्र्यांचा असतो. आधी वरवरच्या पुष्कळ विषयांवर बोलणं होतं, मग एकेका विषयात खोल जाणं होतं. पहिल्याच भेटीत कुणी थेट गाभ्यातलं सांगू लागलं, तर ऐकणारा जवळ येण्याऐवजी बावरतो.

विडी वळण्याचं काम या चालीला पोषक आहे. मांडीवर सूप, सुपात तंबाखू आणि भिजवून मापात कापलेली तेंदूची पानं. पान हातात घ्यायचं, चिमूटभर तंबाखू पसरायचा, वळायचं, तोंड दुमडायचं, दोरा गुंडाळायचा. मजुरी हजार विड्यांवर मिळते, त्यामुळे हात थांबवून चालत नाही. पण ते सवयीनं चालतात, कान आणि तोंड मोकळं असतं. शिवाय नजर सुपात असते. अवघड गोष्ट सांगताना समोरच्याच्या डोळ्यांत बघावं लागत नाही, ही मोठी सोय. सोलापुरातल्याच यंत्रमागाच्या शेडमध्ये ही सोय नाही. तिथं खटखटाटात कामापुरतंदेखील ओरडून सांगावं लागतं.

जात्यावरही अशीच सोय होती. दोघी समोरासमोर बसून खुंटा ओढत, एक ओवी सुरू करी, दुसरी तिला जोड देई. माहेरची ओढ, सासरचा जाच, भावाची माया हे थेट बोलण्याची मुभा नसलेल्या बाईला गाण्यात बोलता येई. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांच्या पुढाकारानं महाराष्ट्रातून अशा एक लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या. पंढरपूरच्या परंपरेत तर नामदेवांघरची दासी जनाबाई दळायला बसली की विठ्ठल येऊन जात्याला हात लावतो. देव उपदेश करायला येत नाही, दळू लागतो.

सांगितल्यानं जवळीक वाढते, याचे पुरावे प्रयोगांतूनही मिळाले. नॅन्सी कॉलिन्स आणि लिन मिलर यांनी १९९४ मध्ये तोवरच्या अभ्यासांचा एकत्र आढावा घेतला. स्वतःबद्दल सांगणारा माणूस लोकांना आवडतो, आणि आवडत्या माणसाला जास्त सांगितलं जातं, ही दोन सूत्रं अपेक्षितच होती. तिसरं कमी अपेक्षित आहे: ज्याला आपण काही सांगितलं, तो सांगितल्यामुळेच आपल्याला अधिक आवडू लागतो. आर्थर अ‍ॅरन आणि सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये अनोळखी माणसांच्या जोड्यांना पाऊण तासासाठी ३६ प्रश्न दिले. ते साध्यापासून खासगीकडे जाणारे, तीन गटांत मांडलेले होते. नुसत्या गप्पा मारलेल्या जोड्यांपेक्षा या जोड्यांना एकमेकांविषयी जास्त जवळीक वाटली. पुढे हे प्रश्न ‘प्रेमात पाडणारे’ म्हणून गाजले. मूळ प्रयोग मात्र प्रेमात पाडण्यासाठी नव्हता. त्यातली पाळीपाळीनं उत्तर देण्याची अट जास्त महत्त्वाची आहे. सुझन स्प्रेचर आणि सहकाऱ्यांच्या २०१३ मधल्या प्रयोगात आळीपाळीनं बोललेल्या जोड्यांतली माणसं, एकानं सगळं सांगायचं आणि दुसऱ्यानं नंतर, अशा जोड्यांतल्या माणसांपेक्षा एकमेकांना अधिक आवडली.

म्हणजे अर्धं काम ऐकणाऱ्याचं. हॅरी रीस आणि फिलिप शेव्हर यांनी १९८८ मध्ये हे नीट मांडलं: आपल्याला समजून घेतलं, आपलं म्हणणं ग्राह्य धरलं आणि आपली काळजी केली, असं सांगणाऱ्याला वाटलं तरच सांगण्याचं रूपांतर जवळिकीत होतं. गोष्ट सांगताना मराठी घरात ‘हूं’ म्हणणारं कुणी लागतं. हुंकार थांबला की सांगणाराही थांबतो. त्या एका अक्षरात या तिन्ही गोष्टी मावतात. तातडीनं दिलेल्या सल्ल्यात बहुधा एकही नसते.

ऐकणारा पुन्हा भेटणारच नसेल तर? सोलापूरहून मुंबईला जाणाऱ्या रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसमध्ये समोरच्या बर्थवरचा प्रवासी कुर्डुवाडी यायच्या आत घरच्या वाटणीचं भांडण सांगून मोकळा होतो. झिक रुबिन यांनी १९७० च्या दशकात अशा अनोळखी माणसांतल्या बोलण्याचा अभ्यास केला. इथं सांगणं खोल जातं, कारण ते गावात परत येण्याची भीती नसते. मन हलकं होतं, पण दुसरी पाळी येत नाही आणि नातं मुंबईला उतरताना संपतं.

जवळीक नेहमी हितकारकच असते असंही नाही. अमांडा रोज यांनी २००२ मध्ये शाळकरी मुलामुलींच्या मैत्रीत एकच दुःख पुन्हा पुन्हा उगाळण्याची सवय तपासली. अशा मैत्र्या अधिक घट्ट असतात, आणि उदासी व चिंताही त्यांच्यासोबत आढळते.

दुसरा धोका गोष्ट फुटण्याचा. सँड्रा पेट्रोनियो यांच्या मते सांगितलेली खासगी गोष्ट दोघांच्या सामाईक मालकीची होते आणि ती पुढे कुणाला सांगायची याचे नियम दोघांना ठरवावे लागतात. बहुतेकदा ते न बोलताच ठरलेले असतात, म्हणून मोडतातही लवकर. भिंतीला भिंत लागून घरं असलेल्या वसाहतीत मोडलेल्या लग्नाची गोष्ट संध्याकाळपर्यंत नळावर पोचते. त्यानंतर भांडण होईलच असं नाही. ऑल्टमन आणि टेलर यांनी उलट्या प्रवासाचाही विचार केला होता: बोलणं ज्या वाटेनं आत गेलं, त्याच वाटेनं पापुद्र्यापापुद्र्यानं बाहेर येतं. सुपं पूर्वीसारखीच शेजारी-शेजारी असतात, हात चालू असतात, आणि एक शेजारीण दुसरीला विचारते, आज पाणी किती वाजता येणार आहे.